लोंढ्याहून म्हापशाला : परागंदा पक्षाचा जनादेश

गोव्याची पहिली विधानसभा निवडणूक ९ डिसेंबर १९६३ रोजी झाली. पोर्तुगीज जाऊन दोन वर्षे पुरी व्हायला अजून दहा दिवस होते. गोवा, दमण आणि दीव मिळून तीस जागा होत्या आणि त्यांतल्या अठ्ठावीस गोव्याच्या. महाराष्ट्रवादी गोमंतक पक्षाला चौदा जागा मिळाल्या, युनायटेड गोवन्स पार्टीला बारा. ज्या काँग्रेसमध्ये गोवामुक्तीसाठी पोर्तुगालच्या किल्ल्यांत वर्षे काढलेली माणसे होती, तिला खुद्द गोव्यात एकही जागा मिळाली नाही. तिची एकमेव जागा दमणने दिली. निवडणूक जिंकणारा मगो पक्ष त्याच वर्षीच्या मार्चमध्ये जन्मला होता. स्वातंत्र्यासाठी पंधरा वर्षे झिजलेल्या माणसांना स्वातंत्र्य येताच मतदाराने बाजूला का सारले? या प्रश्नाचे उत्तर बहुधा जातीच्या गणितात किंवा दिल्लीच्या बेफिकिरीत शोधले जाते. त्या दोन्हींत तथ्य आहे. पण मुळाशी आणखी एक गोष्ट आहे आणि तिच्याकडे पुरेसे लक्ष गेलेले नाही. मुक्तिलढ्यातला पक्ष, नॅशनल काँग्रेस (गोवा), बंदीमुळे सरहद्दीपलीकडे जन्मला, सरहद्दीपलीकडे वाढला, आणि परक्या भूमीवरून काम करणाऱ्या पक्षाला जी किंमत मोजावी लागते ती त्याने पुरेपूर मोजली.

माझे म्हणणे थोडक्यात असे आहे. बंदी आलेल्या राष्ट्रवादी पक्षाला बाहेर आसरा घेणे भाग पडते आणि त्यात कमीपणा काही नाही. पण त्याचा बोलण्याचा अधिकार बाहेर टिकून राहत नाही. तो आतल्या माणसांकडून पुन्हा पुन्हा मिळवावा लागतो आणि मिळवण्याचा मार्ग एकच असतो : सरहद्द ओलांडून आत जाणे, आतल्या माणसाच्या रोजच्या प्रश्नाशी आपली मागणी जोडणे आणि आतून आलेले ऐकणे. नॅशनल काँग्रेस (गोवा) जेव्हा हे करत होती तेव्हा तिचा शब्द खरा होता. ही वाट बंद झाली तेव्हा तिच्यापाशी त्यागाची पुण्याई उरली, पण जनादेश उरला नाही.

बालाघाटच्या मराठी वाचकाला गोव्याची ही कथा दूरची वाटेल, पण ती तशी नाही. १९५५ मध्ये बालाघाट ज्या मध्य प्रदेशात होते त्याची राजधानी नागपूर होती आणि सागर जिल्हाही त्याच राज्यात होता. त्या सागर-दमोह भागातल्या सहोदराबाई राय यांना १५ ऑगस्ट १९५५ रोजी पत्रादेवीच्या हद्दीवर तिरंगा हाती असताना गोळ्या लागल्या. त्यांना वाचवायला पुढे झालेले पंजाबचे कर्नेलसिंग तिथेच पडले. उज्जैनचे राजाभाऊ महाकाळ त्याच दिवशीच्या गोळीबारात गेले. पुढच्या वर्षी, १ नोव्हेंबर १९५६ ला, राज्यपुनर्रचना झाली. विदर्भाचे आठ मराठी जिल्हे मुंबई राज्यात गेले आणि बालाघाट मध्य प्रदेशात राहिले. भाषा एकीकडे, राज्य दुसरीकडे आणि नातीगोती दोन्हीकडे हा अनुभव इथल्या मराठी आणि पोवारी बोलणाऱ्या घरांना सांगावा लागत नाही. फरक इतकाच की इथून गोंदियाला जायला कोणाची परवानगी लागत नाही. कारवार किंवा सावंतवाडीहून गोव्यात जाताना त्या काळी ती लागत असे, आणि सभा घेण्यासाठी जाणाऱ्याला तर तुरुंगच लागत असे.

बंदीतून जन्मलेला पक्ष

पोर्तुगालमध्ये सालाझारची सत्ता पक्की झाली ती १९३० च्या दशकात. १९३० च्या वसाहत कायद्याने गोव्याला दुय्यम स्थान दिले. लुईस द मिनेझिस ब्रागांझा यांनी त्याच वर्षी गोव्याच्या विधिमंडळात स्वयंनिर्णयाचा हक्क मांडणारा ठराव आणला, पण त्यानंतर उघड बोलण्याची जागा आक्रसत गेली. सालाझारच्या राज्यात सरकारी संघटनेखेरीज दुसऱ्या पक्षाला वाव नव्हता. छापायचा प्रत्येक मजकूर आधी सेन्सॉरकडे जाई, लग्नपत्रिकासुद्धा त्यातून सुटत नसे. चांदर गावचे त्रिस्तांव द ब्रागांझा कुन्हा पॅरिसमध्ये अभियांत्रिकी शिकून १९२६ मध्ये परतले, १९२८ मध्ये त्यांनी गोवा काँग्रेस कमिटी स्थापली आणि कोलकात्याच्या अधिवेशनात तिला भारतीय राष्ट्रीय काँग्रेसची संलग्नता मिळाली. काही वर्षांतच काँग्रेसच्या नव्या घटनेमुळे ती संलग्नता गेली, कारण परकीय मुलखातली शाखा त्या घटनेत बसत नव्हती. यजमानाच्या नियमपुस्तकात आपली जागा कुठे आहे यावर परागंदा चळवळीचे भवितव्य किती अवलंबून असते, याचा हा पहिला धडा होता. कुन्हांनी पुढे कमिटीचे काम मुंबईत नेले, कारण मुंबईत हजारो गोवेकर होते. धोबीतलावच्या कुडींमध्ये, म्हणजे गावोगावच्या गोवेकरांनी चालवलेल्या वसतिगृहांत, एकेका गावची माणसे एकत्र राहत होती आणि गोव्यात जे बोलता येत नव्हते ते तिथे बोलता येत होते.

१८ जून १९४६ ला हे चित्र पालटले. डॉ. राममनोहर लोहिया विश्रांतीसाठी मित्र डॉ. जुलियांव मिनेझिस यांच्या असोळणे गावी आले होते. दोघांनी मडगावात बंदीहुकूम मोडून सभा घ्यायचे ठरवले. पाऊस कोसळत असताना माणसे जमली, प्रशासक मिरांडाने पिस्तूल काढले, लोहियांनी त्याचा हात बाजूला सारला आणि बोलायला सुरुवात केली. लोहियांना धरून हद्दीबाहेर नेऊन सोडले. सप्टेंबरच्या अखेरीस ते परत आले तेव्हा रेल्वेतच पकडून आग्वादच्या किल्ल्यात ठेवले. जुलैमध्ये कुन्हांना अटक झाली आणि लष्करी न्यायालयाने त्यांना आठ वर्षांची शिक्षा दिली. त्यांना पोर्तुगालच्या पेनिशे किल्ल्यात पाठवले. पुरुषोत्तम काकोडकर, लक्ष्मीकांत भेंब्रे, डॉ. राम हेगडे आणि जुझे इनासियु ऊर्फ फांशू लॉयोला हेही त्याच वाटेने गेले. जूनमध्ये सुरू झालेल्या चळवळीचे बहुतेक नेतृत्व अशा रीतीने गोव्याबाहेर फेकले गेले.

याच धामधुमीत, ऑगस्ट १९४६ मध्ये, बेळगाव जिल्ह्यातल्या लोंढा या रेल्वे जंक्शनवर नॅशनल काँग्रेस (गोवा) स्थापन झाली. जागेची निवडच बोलकी आहे. मुरगावहून निघणारी गाडी कुळेंला पोर्तुगीज जकात ओलांडून घाट चढते, कॅसलरॉकला ब्रिटिश हद्दीत शिरते आणि लोंढ्याला मुख्य मार्गाला मिळते. गोव्यातून निघालेल्या माणसाला मोकळेपणी सभा घेता येईल असे सर्वांत जवळचे मोठे ठिकाण ते. पक्ष घराच्या उंबरठ्यापासून होता होईल तितका जवळ राहू पाहत होता. निर्णय बाहेर घ्यायचे, सत्याग्रह आत करायचा आणि तुरुंगही आतच भोगायचा, ही त्याची पहिली कार्यपद्धती. १९४६ च्या उत्तरार्धात गोव्याच्या गावोगाव तुकड्यातुकड्यांनी सत्याग्रह झाले ते याच पद्धतीने.

आत जाणाऱ्यांची वाट

या पक्षाच्या खऱ्या ताकदीचा क्षण शोधायचा तर तो दिल्लीच्या बैठकांत सापडणार नाही. तो म्हापशाला सापडेल. एप्रिल १९५५ मध्ये नॅशनल काँग्रेस (गोवा) ने आपले अधिवेशन गोव्याच्या आत, उत्तरेच्या या बाजारगावात, उघड भरवायचे ठरवले. अध्यक्ष होत्या सुधाताई जोशी, भारतीय संस्कृतिकोशाचे संपादक महादेवशास्त्री जोशी यांच्या पत्नी. मूळच्या गोव्याच्या, संसार पुण्यात. त्या गुपचूप गोव्यात शिरल्या आणि ठरल्या दिवशी गर्दीसमोर उभ्या राहून अध्यक्षीय भाषण वाचू लागल्या. पोलिसांनी झडप घातली. लांब मुदतीची शिक्षा झाली आणि सुटका १९५९ मध्ये. त्या काही मिनिटांतून काय साधले, असे कोणी विचारेल. साधले ते हे : पोर्तुगालने जगाला सांगितले होते की गोव्यात असंतोष नाही, जो आहे तो मुंबई-दिल्लीच्या चिथावणीखोरांचा आहे. त्या दाव्याला बाहेरून छापलेल्या शंभर पत्रकांनी उत्तर मिळाले नसते. बंदी घातलेल्या पक्षाच्या अध्यक्षा बंदी असलेल्या भूमीवर, आपल्या माणसांच्या गर्दीत, आपल्याच नावाने उभ्या राहिल्या, हेच त्याचे उत्तर होते.

आदल्या वर्षीचा १५ ऑगस्टही असाच. भारत सरकारने तेव्हा बिगरगोमंतकीयांना हद्द ओलांडू दिली नाही. सत्याग्रहींच्या तीन तुकड्या निघाल्या, त्या केवळ गोवेकरांच्या होत्या आणि नेते होते आल्फ्रेद अफोंसो, टोनी डिसोझा, मार्क फर्नांडिस. अफोंसोंच्या तुकडीने तेरेखोलच्या किल्ल्यावर तिरंगा चढवला आणि एक दिवस टिकवला. संख्येने ही तुकडी अगदी लहान होती. पण नेतृत्वातली ही ख्रिस्ती नावे महत्त्वाची आहेत, कारण लिस्बनचा प्रचार असा होता की ख्रिस्ती गोवेकर पोर्तुगालचाच, आणि भारतात जाऊ पाहणारे फक्त हिंदू. बाहेरच्या पक्षाने आत जाऊन केलेल्या कृतीने हा प्रचार खोटा पाडला. या पक्षाचे नेतृत्व पीटर अल्वारिस यांनीही केले, तेही ख्रिस्ती गोवेकरच.

इथे पहिला आक्षेप येतो, आणि तो पोर्तुगालचाच आहे : असा पक्ष म्हणजे शेजारी देशाचे प्यादे. भारताच्या भूमीवर, भारताच्या पैशावर, भारतीय पक्षांच्या मदतीने चालणारी संघटना गोवेकरांची कशी म्हणायची? हा आक्षेप प्रत्येक परागंदा पक्षावर येतो, म्हणून त्याला नीट उत्तर द्यायला हवे. आसरा कोणी दिला यावरून पक्ष कोणाचा हे ठरत नाही. जोखीम कोणी उचलली यावरून ते ठरते. पेनिशे आणि आग्वादमधले कैदी गोव्यातले होते, त्यांची घरे गोव्यात होती आणि सूड उगवला जाणार होता तो त्यांच्या नातलगांवर. प्याद्याला इतकी किंमत मोजावी लागत नाही.

ही किंमत किती लांबवर पसरते हे एका घरावरून दिसते. पुरुषोत्तम काकोडकरांचा मुलगा अनिल, पुढे अणुऊर्जा आयोगाचे अध्यक्ष झालेले शास्त्रज्ञ, १९४३ मध्ये बडवानीला जन्मला. ते गाव आज मध्य प्रदेशात आहे. वडील पोर्तुगीजांच्या कैदेत असताना आई कमलाताईंनी शिक्षिकेची नोकरी करून संसार चालवला. मुलाचे शालेय शिक्षण बडवानी आणि खरगोनला झाले. गोव्याच्या चळवळीचा एक कोपरा असा नर्मदेकाठी, निमाडातल्या एका शिक्षिकेच्या पगारावर तगून राहिला. पक्षाच्या इतिहासात ठराव आणि तारखा येतात. या घराची तारीखवार नोंद कोणी ठेवलेली नाही, तरी चळवळीचा खर्च तिथूनही भागला होता.

यजमानाचे हात

पण प्यादे नसणे आणि स्वतंत्र असणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. १९५४ च्या जूनमध्ये पुण्यात गोवा विमोचन सहायक समिती उभी राहिली. केशवराव जेधे, जयंतराव टिळक, ना. ग. गोरे, एस. एम. जोशी, शिरूभाऊ लिमये अशी सर्वपक्षीय माणसे तिच्यात आली. १८ मे १९५५ ला गोरे आणि सेनापती बापट यांच्या तुकडीने हद्द ओलांडली. बापट तेव्हा पंचाहत्तरीच्या आसपास होते. जुलैमध्ये मधू लिमये गेले आणि बेदम मार खाऊन बारा वर्षांची शिक्षा घेऊन बसले. १५ ऑगस्टला हजारो सत्याग्रही एकाच वेळी निरनिराळ्या हद्दींवरून आत शिरले आणि पोर्तुगीजांच्या गोळीबारात वीसहून अधिक माणसे गेली. हे भारतीयांनी गोव्यासाठी केलेले बलिदान होते. त्याचे मोल कमी लेखण्याचा प्रश्नच नाही. तरी त्या दिवसापासून लढ्याची दोरी गोवेकरांच्या हातून निसटली हेही खरे. आत जाणाऱ्यांत बहुसंख्य आता उत्तर भारत, बंगाल, पंजाब, मध्य भारत आणि महाराष्ट्रातले होते. आणि गोळीबारानंतर भारत सरकारने जेव्हा सामूहिक सत्याग्रह थांबवायचे ठरवले, तेव्हा नॅशनल काँग्रेस (गोवा) ला विचारण्याचे कारण कोणाला वाटले नाही. ज्याने हजारो माणसे दिली त्यानेच ती मागे घेतली.

त्याच सुमारास आर्थिक नाकेबंदी कडक झाली. गोव्याची गाडी बंद झाली आणि मुंबईतल्या कमावत्या माणसाचे गावाकडे पैसे पाठवणे अवघड झाले. हेतू पोर्तुगालला नमवण्याचा होता. झळ बसली ती मुंबईच्या पगारावर चालणाऱ्या गोव्यातल्या चुलींना. लिस्बनने बाहेरून माल आणून बाजार भरला. दुसरीकडे त्याच वर्षांत गोव्याचे लोहखनिज जपान आणि पश्चिम जर्मनीकडे मोठ्या प्रमाणावर जाऊ लागले होते. खाणींतून नवा पैसा, नवा मालकवर्ग, नवी मजुरी आणि गावोगाव नवे वजन असणारी माणसे उभी राहत होती. गोवा बदलत होता आणि त्या बदलाचा हिशेब ठेवायला बाहेरचा पक्ष आत नव्हता. १९६३ मध्ये मुख्यमंत्री झालेले दयानंद बांदोडकर याच खाणधंद्यातून पुढे आलेले, गोव्यातच राहिलेले, गावोगावच्या बहुजनांशी रोजचा संबंध असलेले गृहस्थ होते. ते अचानक उगवले असे दिल्लीला वाटले, कारण त्यांच्या वाढीची वर्षे दिल्लीने आणि मुंबईच्या गोवा कार्यालयांनी बघितलीच नव्हती.

वाट बंद झाल्यावर बाहेरच्यांनी काय केले, याचे सर्वांत सुंदर उदाहरण गुप्त रेडिओचे आहे. १९५४ च्या जुलै-ऑगस्टमध्ये दादरा आणि नगर हवेली स्वयंसेवकांनी मुक्त केले. युनायटेड फ्रंट ऑफ गोवन्स आणि आझाद गोमंतक दल यांच्याबरोबर त्या मोहिमेत संगीतकार सुधीर फडकेही होते. तिथे हाती लागलेल्या बिनतारी यंत्रांतून वामन सरदेसाई आणि लिबिया लोबो यांनी गुप्त रेडिओ उभा केला. २५ नोव्हेंबर १९५५ ला प्रक्षेपण सुरू झाले. यंत्र मालमोटारीवर, मुक्काम आधी आंबोलीच्या जंगलात आणि नंतर कॅसलरॉकच्या रानात. रोज कोकणी आणि पोर्तुगीजमधून बातम्या, पोर्तुगीज प्रचाराची उत्तरे आणि आफ्रिकेतल्या लढ्यांचे वर्तमान. सहा वर्षे, १९ डिसेंबर १९६१ पर्यंत, हे चालले. लिबिया लोबो सरदेसाई यांना २०२५ मध्ये पद्मश्री मिळाली तेव्हा त्या शंभरीत होत्या. पण या कामाचा स्वभाव लक्षात घ्या. रेडिओ आत पोचतो, आतले बाहेर आणत नाही. ऐकणारा दार लावून ऐकतो आणि त्याला काय वाटले ते बोलणाऱ्याला कळत नाही. जंगलातून बोलणाऱ्यांची निष्ठा निर्विवाद आहे. तरी सभेत समोरचा माणूस उठून जो प्रश्न विचारतो तो प्रश्न त्या सहा वर्षांत विचारला गेला नाही.

न ठरवलेले प्रश्न

तो प्रश्न जमिनीचा होता. गोव्याच्या खेड्यात भाटकाराच्या, म्हणजे जमीनदाराच्या, जमिनीवर कूळ शेती करी आणि मुंडकार त्याच्याच जागेत झोपडी बांधून राही. भाटकाराने बोट दाखवले की घर सोडावे लागे. या माणसाला पोर्तुगीज गव्हर्नर क्वचितच दिसत असे, भाटकार रोज दिसे. मुक्ती म्हणजे कोणापासून मुक्ती, हे त्याला सांगायला हवे होते. परागंदा चळवळीचे नेतृत्व बहुतांशी शिकलेल्या, वरच्या जातींतल्या आणि जमीनजुमला असलेल्या घरांतले होते, आणि तिच्या कार्यक्रमात एकच कलम ठळक होते : पोर्तुगीज जावेत. मगो पक्षाने कसणाऱ्याचा हक्क आणि मराठी शाळा या दोन गोष्टी पुढे केल्या. १९६४ मध्ये कूळकायदाही केला. दुसरा न ठरवलेला प्रश्न गोव्याच्या भवितव्याचा होता : महाराष्ट्रात विलीन व्हायचे की वेगळे राहायचे? नॅशनल काँग्रेस, आझाद गोमंतक दल, गोवन पीपल्स पार्टी, मुंबईतल्या इतर समित्या अशा गटांत विभागलेल्या परागंदांनी एकी टिकवण्यासाठी तो पुढे ढकलला. मगोने आणि युनायटेड गोवन्सने तो निवडणुकीच्या मध्यभागी आणला, आणि १६ जानेवारी १९६७ च्या जनमतकौलात १,७२,१९१ मते वेगळे राहण्याच्या बाजूने आणि १,३८,१७० विलीनीकरणाच्या बाजूने पडली. तो कौल काय असावा याबद्दल मराठी वाचकांत मतभेद असतील. पण गोवेकरांनी ज्या प्रश्नावर खरी फाळणी अनुभवली त्यावर मुक्तिलढ्यातल्या पक्षाचे म्हणणे निर्णायक ठरले नाही, यावर मतभेद असू नये.

दुसरा आक्षेप इथे रास्तपणे उभा राहतो. सालाझारच्या पोलिसी राज्यात आत काम करणे अशक्यच होते. मग आत नसल्याचा दोष या लोकांना कसा द्यायचा? दोष देण्याचा हा प्रश्न नाही. ज्यांनी पेनिशे भोगले त्यांना घरी बसलेल्यांनी हिशेब विचारू नये. तरी पुरावा असे सांगतो की ते अशक्य नव्हते, फार महाग होते. विश्वनाथ लवंदे, प्रभाकर सिनारी यांचे आझाद गोमंतक दल भूमिगत राहून आत वावरत होते. त्या दलाचे मोहन रानडे १९५५ मध्ये पकडले गेले आणि गोवा मुक्त झाल्यावरही १९६९ पर्यंत पोर्तुगालच्या तुरुंगात होते. आतली वाट जिवंत ठेवणारी माणसे होती. कमी पडला तो त्या वाटेवरून बाहेर येणारा विचार. आतल्या कूळमुंडकाराच्या प्रश्नाचा ठराव लोंढ्याला किंवा मुंबईत करायला सालाझारची हरकत आड येत नव्हती.

तिसरा आक्षेप उलट बाजूचा. अखेर गोवा सुटला तो १८ आणि १९ डिसेंबर १९६१ च्या लष्करी कारवाईने, छत्तीस तासांच्या आसपास. मग पक्ष आत असला काय नि बाहेर असला काय, फरक काय पडला? फरक पडला. पोर्तुगालने १९५१ मध्ये घटना बदलून वसाहतींना सागरपार प्रांत हे नाव दिले होते, म्हणजे गोवा हा पोर्तुगालचाच भाग अशी भूमिका घेता यावी. १५ डिसेंबर १९६० ला संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेने ती भूमिका नाकारून गोव्याची गणना अस्वयंशासित प्रदेशांत केली. आफ्रिकेतल्या पोर्तुगीज वसाहतींच्या चळवळींनी एप्रिल १९६१ मध्ये कासाब्लांकाला जी संयुक्त परिषद घेतली तिच्यात गोवेकर संघटना होत्या आणि गोव्याचे आक्विनो द ब्रागांझा तिच्या कामात पुढे होते. तुरुंगांत बसलेल्या गोवेकरांची साक्ष नसती तर डिसेंबर १९६१ ची कारवाई जगाला एका मोठ्या देशाने लहान मुलूख गिळल्यासारखी दिसली असती. सुरक्षा समितीत पाश्चात्त्य देशांनी तसे म्हटलेच. सोव्हिएत नकाराधिकाराने ठराव अडला, पण आशिया-आफ्रिकेचे मन भारताबरोबर राहिले ते या साक्षीमुळे. पक्षाने गोव्याला न्याय्य बाजू मिळवून दिली. राज्य करण्याचा जनादेश ही वेगळी वस्तू होती आणि ती या साक्षीतून आपोआप येणार नव्हती.

हा नियम गोव्यापुरता नाही. १९१३ मध्ये अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर उभ्या राहिलेल्या गदर पक्षात वर्ध्याचे पांडुरंग खानखोजे आणि तळेगाव ढमढेरेचे विष्णू गणेश पिंगळे होते. हजारो मैल ओलांडून माणसे फेब्रुवारी १९१५ च्या उठावासाठी परत आली. फितुरीने बेत फुटला, मार्चमध्ये पिंगळे मीरतच्या घोडदळाच्या छावणीत बाँबसह पकडले गेले आणि १६ नोव्हेंबर १९१५ ला लाहोरला कर्तारसिंग सराभांबरोबर फासावर गेले. धैर्य अपार होते, पण ज्या पंजाबात उठाव करायचा होता तिथल्या गावांना आलेली माणसे पुरती ओळखीची नव्हती. याउलट दक्षिण आफ्रिकेत १९६० मध्ये बंदी आलेल्या आफ्रिकन नॅशनल काँग्रेसने ऑलिव्हर तांबोंच्या नेतृत्वाखाली तीस वर्षे बाहेर काढली आणि १९९४ ची निवडणूक जिंकली. कारण १९८० च्या दशकात देशाच्या आत संघटना, कामगार युनियन आणि वस्त्यांच्या समित्या उभ्या राहिल्या होत्या आणि बाहेरच्या नेत्यांनी त्यांना आपल्या ताब्यात ओढण्याऐवजी त्यांच्याशी जुळवून घेतले. बाहेरचा नेता आणि आतला संघटक यांच्यात अधिकाराची देवघेव झाली, म्हणून परतणाऱ्यांना अनोळखीपण भोगावे लागले नाही.

आज आसरा देणाऱ्यांसाठी

हा विषय जुना झालेला नाही. शेजारच्या बांगलादेशात अनेक वर्षे सत्तेवर असलेल्या अवामी लीगच्या कामावर मे २०२५ मध्ये बंदी आली आणि तिच्या नेत्या शेख हसीना ऑगस्ट २०२४ पासून भारतात आहेत. दोन्ही प्रकरणे एका तराजूत घालता येणार नाहीत. सालाझारशी लढणारी नॅशनल काँग्रेस कधी सत्तेवर नव्हती. अवामी लीग होती आणि तिच्या राजवटीतल्या दडपशाहीचा हिशेब तिच्याच देशातले लोक मागत आहेत. तरी आसरा देणाऱ्या देशासमोरचा प्रश्न तोच आहे, आणि तो आज आपल्यासमोर आहे. परागंदा पक्षाला छप्पर द्यावे, बोलू द्यावे, त्याच्या जिवाला जपावे. हे भारताने तिबेटींपासून अनेकांसाठी केले आहे आणि त्यात भारताची शान आहे. पण त्याच्या वतीने निर्णय घेऊ नयेत आणि त्याच्या देशातल्या माणसांशी आपण त्याच्याच मार्फत बोलू असेही ठरवू नये. गोव्यात हीच गल्लत झाली. दिल्लीला आणि मुंबईला वाटले की परागंदांशी आपले बोलणे झाले म्हणजे गोव्याशी बोलणे झाले. १९६३ च्या मतपेटीने ते खोटे ठरवले.

परागंदा नेत्यांसाठीही धडा स्पष्ट आहे. पक्षाला आपले अधिवेशन वर्षातून एकदा तरी म्हापशाला नेता आले पाहिजे; आणि म्हापसा खरोखरच अगम्य असेल तर म्हापशाच्या माणसाने विचारलेल्या प्रश्नाला पक्षाच्या वहीत जागा असली पाहिजे. मुक्तीनंतरची जमीन कोणाची, शाळेची भाषा कोणती, आपला प्रदेश कोणाबरोबर राहील, या प्रश्नांची उत्तरे बंदीच्या काळातच तयार करावी लागतात, कारण बंदी उठल्यावर मतदार थांबत नाही. सुधाताई जोशींसारख्यांनी जी किंमत मोजली ती या देशाच्या खात्यावर कायम आहे आणि मराठी माणसाने ती कृतज्ञतेने आठवावी. पण कृतज्ञता आणि मत या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे गोवेकर मतदाराने स्वातंत्र्याच्या पहिल्याच संधीला दाखवून दिले. ज्या लोकशाहीसाठी त्या पक्षाने तुरुंग भोगले तिने आपला पहिला हक्क त्याच पक्षाविरुद्ध वापरला, याला मी त्या लढ्याचे अपयश मानत नाही. ज्यांच्यासाठी लढायचे त्यांना मोकळेपणाने नाही म्हणता यावे, हे त्या लढ्याचे साध्य होते आणि ते साध्य झाले.